डेव्हिड मेदिचींचा नव्हे
फ्लॉरेन्स पाहून आलेले बरेच जण ठासून सांगतात, 'मायकेलँजेलोचा डेव्हिड हा पुतळा शहरावर वर्चस्व असलेल्या श्रीमंत मेदिची घराण्याने घडवून घेतला.' साफ चूक. हे काम १५०१ मध्ये तिथल्या कॅथीड्रलच्या बांधकाम मंडळाने दिलं. मेदिचींना तर शहराने १४९४ मध्येच हाकललं होतं.

मेदिचींच्या वाड्यात होती ती शिल्पकार दोनातेल्लोची ब्राँझची ज्युडिथ, शत्रूच्या सेनापतीला मारून आपलं शहर वाचवणारी कथेतली स्त्री: एका हातात उगारलेली तलवार, दुसऱ्या मुठीत त्या सेनापतीचे केस. १४९५ मध्ये ती सरकारी राजवाड्यासमोर आणून ठेवली आणि खाली कोरलं, की लोकांच्या सुरक्षेचं उदाहरण म्हणून नागरिकांनी ही उभारली आहे. मूर्ती मेदिचींची आणि जुलमी सत्ता उलथवल्याचा टोमणाही मेदिचींनाच! पुढे १५०४ मध्ये तिला हलवून त्याच जागी डेव्हिड उभा केला.