झाकण लावलं, पण लॅपटॉप झोपला का?

मागच्या महिन्यात पुण्याहून कोल्हापूरला जात होतो, सातारा मागे पडल्यावर मांडीवरची बॅग गरम लागायला लागली म्हणून उघडून बघितली तर झाकण लावलेला लॅपटॉप तव्यासारखा तापलेला. निघताना बॅटरी ९० टक्के, उतरताना १२. शेजारचे काका म्हणाले, "झाकण लावलं म्हणजे बंदच की तो, बॅटरी गेली असणार." बऱ्याच जणांना असंच वाटतं. बॅटरी ठणठणीत होती, लॅपटॉप नीट झोपलाच नव्हता.

पूर्वी झोप म्हणजे एस-थ्री नावाची अवस्था, प्रोसेसर बंद आणि फक्त रॅमपुरती, म्हणजे चालू काम लक्षात ठेवणाऱ्या मेमरीपुरती वीज चालू. आता बऱ्याच नव्या लॅपटॉपमध्ये ती सोयच नसते, त्याऐवजी मोबाईलसारखी झोप असते, म्हणजे मशीन कागदोपत्री जागंच, फक्त एकेक भाग निवांत पडलेला. विंडोजमध्ये याला मॉडर्न स्टँडबाय म्हणतात, लिनक्स या दुसऱ्या ऑपरेटिंग सिस्टममध्ये एस-टू-आयडल.

आता मला ज्याचं वेड लागलंय ते सांगतो. मागे गुपचूप चालणारा प्रोग्राम, म्हणजे सर्व्हिस असते ना, तिला ना खिडकी ना स्क्रीन, आणि मशीन झोपलं की तीही थिजते. मग आपण झोपलो होतो हे तिला कळणार कसं? कोपऱ्यात तारीख-वेळ दाखवणारं मशीनचं नेहमीचं घड्याळ बघून? ते तर इंटरनेटवरून मागेपुढे होतं, कुणी हातानेही बदलतं, त्यामुळे वेळ उडी मारून पुढे गेली म्हणजे झोप झाली असं धरता येत नाही. लिनक्सच्या कर्नलकडे, म्हणजे सिस्टमच्या गाभ्याकडे मात्र आणखी दोन घड्याळं असतात. मोनोटोनिक घड्याळ झोपेत थांबतं, बूटटाइम घड्याळ झोपेचा वेळसुद्धा धरतं. सर्व्हिस दर मिनिटाला दोन्ही वाचते. एरवी दोन्ही ६० सेकंद पुढे गेलेली दिसतात, पण सकाळी पहिलं ६० सेकंद आणि दुसरं ७ तास ३१ मिनिटं पुढे असेल तर फरक साडेसात तास, तेवढी झोप! आणि थिजलेल्या कर्नलला तरी हा वेळ कुठून मिळतो, तर प्रोसेसरमधल्या न थांबणाऱ्या काउंटरकडून, किंवा मदरबोर्डवरच्या छोट्या घड्याळाकडून. त्या घड्याळातला क्वार्ट्झचा तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो, हा आकडा १५ वेळा निम्मा केला की बरोबर १ उरतो, म्हणजे निम्मं करणाऱ्या साध्या सर्किटांच्या १५ पायऱ्या लावल्या की सेकंद तयार. मला हे दरवेळी सुंदर वाटतं.

झोपायच्या आधी कळायला हवं असेल तर लिनक्सवर सिस्टमडी या व्यवस्थापक सॉफ्टवेअरचा लॉगिनडी हा भाग "आता झोपतोय" असा निरोप सोडतो, आणि सर्व्हिसने आधीच तसं सांगून ठेवलं असेल तर आवराआवर करायला नेहमीच्या सेटिंगमध्ये ५ सेकंद थांबतो. विंडोजमध्ये सर्व्हिसला पॉवरचे निरोप आपल्या हँडलरमध्ये, म्हणजे निरोप घेणाऱ्या कोडमध्ये, मागून घ्यावे लागतात, आणि मॉडर्न स्टँडबायमध्ये शिरल्याची नोंद इव्हेंट लॉग या विंडोजच्या नोंदवहीत ५०६ नंबरने होते, बाहेर आल्याची ५०७ ने. म्हणजे निरोप आपोआप मिळतो, सारखं उठून तपासायची गरजच नसते. म्हणून "एका क्लिकमध्ये बॅटरी दुप्पट" म्हणणारी बूस्टर ॲप टाकू नका, सारखं उठून तपासणारं ॲप प्रोसेसरची डुलकी पुन्हा पुन्हा मोडतं.

पण घड्याळांचा फरक झोप किती वेळ झाली तेवढंच सांगतो, किती गाढ होती ते नाही. त्यासाठी चिपमध्येच वेगळा काउंटर असतो, सगळ्यात खोल अवस्थेत किती मायक्रोसेकंद गेले ते मोजणारा, आणि बऱ्याच इंटेल मशीनवर लिनक्स तो दाखवतो. घरी आल्यावर रात्री लॅपटॉप झोपवला, सकाळी घड्याळं म्हणाली सात तास, काउंटर म्हणाला शून्य. एकेक वस्तू काढत गेलो तर कार्ड रीडरमध्ये कॅमेऱ्याचं जुनं मेमरी कार्ड विसरलं होतं. ते काढून परत झोपवला, दुसऱ्या दिवशी काउंटर जवळजवळ सात तासांवर आणि लॅपटॉप हाताला गार.