किराणा दुकानातली युनियन: नाशिकमधली पार्श्वभूमी

रविवार कारंजा, दहीपूल, मेन रोड या नाशिकच्या बाजारपट्ट्यात ज्यांना सगळे नुसतं ‘भाऊ’ म्हणतात, त्यांनी दुकान कामगारांच्या युनियनचं पद सोडलं आणि त्यांच्या कारकिर्दीवरचा जुना वाद पुन्हा निघाला. किराणा दुकानातल्या नोकराचं नाव हजेरीपुस्तकात आलं ते त्यांच्यामुळे, असं एक बाजू म्हणते. दुसऱ्या बाजूच्या मते त्यांनी हमाल तारले आणि काउंटरवरचे वाऱ्यावर सोडले. हा वाद कळायचा तर दुकानातली माणसं मोजण्याची कायद्याची रीत आधी बघावी लागते.

जुना भाग थोडक्यात. मुंबई प्रांतात दुकानांसाठी पहिला कायदा 1939 चा. त्याची जागा 1948 च्या कायद्याने घेतली आणि तोच ‘शॉप ॲक्ट’ म्हणून जवळजवळ सत्तर वर्षं चालला. त्यात दुकान केवढं हा प्रश्न नव्हता. शेठ आणि एक पोऱ्या असला तरी नोंदणी लागायची, आठवड्यातून एक दिवस शटर खाली यायचं, नोकराला दिवसाचे 9 आणि आठवड्याचे 48 तास लागू व्हायचे. अंमलबजावणी कशी होती ते बाजारात कोणाला सांगायला नको. पण नियम होता आणि दुकाने निरीक्षकाकडे अर्ज करता यायचा.

तरीही नाशिकमध्ये कामगार चळवळ म्हटली की डोळ्यांसमोर सातपूर आणि अंबडचे कारखाने यायचे, सिन्नरचे विडी कामगार यायचे. कारखान्याच्या गेटवर एका पाळीला शेकडो माणसं भेटतात, दुकानात भेटतात तीन. त्यातला एक शेठच्या गावचा, एकाने बहिणीच्या लग्नाला उचल घेतलेली आणि तिसरा रात्री दुकानाच्या माडीवरच झोपणारा. यांच्याकडून वर्गणी कोण मागणार आणि संपाचं नाव कोण काढणार? भाऊ स्वतः गोदामातून आलेले असल्यामुळे त्यांना हे माहीत होतं. 1980 च्या दशकात त्यांनी कामाला सुरुवात केली तीही भाषणांनी झाली नाही. दुपारी दुकानं थंड असताना डबा खायला बसलेल्या पोरांशी किमान वेतनाच्या दराबद्दल बोलत ते फिरायचे.

युनियनची नोंदणी तेव्हा सोपी होती, 1926 च्या कायद्याने सात माणसं पुरत. मान्यता मात्र मिळणारी नव्हती. महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यात मान्यताप्राप्त संघटनेची तरतूद 50 किंवा अधिक कामगारांच्या आस्थापनेपुरती आहे आणि किराणा दुकानात 50 माणसं कुठून येणार? म्हणजे सभासद कितीही असोत, एकाही शेठला युनियनशी बोलायची सक्ती नव्हती. प्रॉव्हिडंट फंडाला 20, ग्रॅच्युइटीला 10, बोनसच्या कायद्याला 20, असे किमान कामगारांचे आकडे पुढे होतेच. त्यावर बाजाराने काढलेला तोडगा आजही दिसतो: एका शटरखाली तीन पाट्या, एक वडिलांच्या नावे, एक मुलाच्या, एक सुनेच्या, आणि नोकर तिन्हींत वाटलेले. गल्ला मात्र एकच.

अशा बाजारात युनियनच्या हातात खरा जोर होता तो हमालांचा. टेम्पो आल्यावर पोती उतरलीच नाहीत तर घाऊक व्यापार तासाभरात अडतो. पुड्या बांधणाऱ्याने काम थांबवलं तर शेठचा पुतण्या काउंटरवर उभा राहतो.

वादाचं मूळ इथे आहे. 1969 च्या माथाडी, म्हणजे हमालीच्या कामगारांसाठीच्या, कायद्याच्या अनुसूचीत किराणा बाजार आणि दुकानंही येतात. कामांची यादी वाचण्यासारखी आहे: चढवणे, उतरवणे, थप्पी लावणे, वाहून नेणे, त्याचबरोबर तोलणे, मोजणे, भरणे, शिवणे, निवडणे, साफ करणे. आता रविवार कारंज्याजवळच्या दुकानातला एखादा मध्यमवयीन नोकर घ्या. सकाळी सात वाजता तो साखरेची पोती पाठीवरून आत नेतो. नऊ वाजता सुपात तूरडाळ घेऊन खडे निवडतो. दहानंतर काट्यावर अर्धा किलो, पाव किलो तोलून पुड्या भरतो आणि संध्याकाळी उधारीच्या वहीत लिहितो. तो दुकानाचा नोकर की माथाडी? यादी धरली तर दिवसाचा निम्म्याहून जास्त भाग माथाडीचा. पण कायद्याची व्याख्या ‘असंरक्षित’ कामगाराची आहे, म्हणजे ज्याला इतर कायद्यांचं पुरेसं संरक्षण नाही त्याची. याचं नाव शॉप ॲक्टच्या पुस्तकात आहे, मग हा संरक्षित नाही का, असा मालकांचा सवाल. थेट पगारावरचा कामगार माथाडी ठरतो का, यावरून राज्यभर कोर्टकज्जे झाले आहेत.

फरक पैशांचा होता आणि मोठा होता. माथाडी मंडळात नोंद झाली की मालक मजुरी आणि वरची लेव्ही, म्हणजे मजुरीवरची जादा रक्कम, मंडळात भरतो. पगार मंडळाकडून होतो आणि लेव्हीतून प्रॉव्हिडंट फंड, ग्रॅच्युइटी, बोनस, भरपगारी रजा यांची सोय होते. मालक बदलला तरी नोंद राहते. दुकानाच्या नोकराला यातलं काय मिळेल ते शेठच्या मर्जीवर आणि पाटीमागे दाखवलेल्या नोकरांच्या आकड्यावर.

भाऊंनी 1990 च्या दशकात ठरवलं की ज्यांची टोळी आहे, मुकादम आहे, जे फक्त चढ-उतार करतात, त्यांचेच अर्ज मंडळाकडे न्यायचे. दोन्ही कामं करणारे दुकानाच्या हजेरीवर राहतील. त्यांचा हिशेब असा होता की मिश्र काम करणाऱ्यांचे अर्ज घातले तर मालक कोर्टात जातील आणि सगळ्यांचंच अडकेल. शिवाय शेठ त्या नोकराला उद्याच घरी पाठवेल. टोळीला तसं एका फटक्यात काढता येत नाही.

हिशेब चुकीचा म्हणता येत नाही. टोळ्यांचं काम मार्गी लागलं, काहींनी सिडकोत घरं घेतली. पण हमाल मंडळाचे झाले आणि हळूहळू त्यांची युनियनही वेगळी झाली. मागे राहिलेल्या दुकान-नोकरांसाठी पोती अडवणारं कोणी उरलं नाही. निदान काही दुकानांतले मिश्र अर्ज घालून बघायला हवे होते, हा टीकाकारांचा मुद्दा मला तरी पटतो. हरले असते, तर जिथे होते तिथेच राहिले असते. भाऊंचे लोक यावर नोकऱ्या गेलेल्यांची नावं मोजून दाखवतात आणि तेही खोटं नाही.

पुढचा काळ वेगळ्याच दुकानांचा. 2000 नंतर कॉलेज रोड, गंगापूर रोड, उंटवाडी या बाजूंना मॉल आणि मोठी किराणा स्टोअर आली. तिथे एका छताखाली माणसं भरपूर, पण बिलिंगवाला एका एजन्सीचा, सुरक्षारक्षक दुसऱ्या, आणि शाम्पूच्या रॅकपाशी उभी असलेली प्रमोटर मुलगी तिसऱ्या. ती ग्राहकाला तांदूळही दाखवते, माल संपला की थप्पीही लावते, पण स्टोअरच्या पटावर नसते. सुरुवातीला युनियनने प्रमोटर मुलींना सभासद करून घेतलं नाही. नंतर घेतलं, तोवर बऱ्याच जणी नोकरी बदलून गेल्या होत्या.

19 डिसेंबर 2017 ला नवा दुकान कायदा लागू झाला आणि 1948 चा गेला. 10 पेक्षा कमी कामगारांच्या दुकानाला त्याने नोंदणी नको झाली, नुसती सूचना पुरू लागली. दुकान वर्षभर, रात्रंदिवस उघडं ठेवता येतं. साप्ताहिक सुट्टी आहे, पण ती कामगाराची, शटरची नाही. पूर्वी बंदच्या दिवशी उघडं दुकान रस्त्यावरून जाणाऱ्यालाही दिसायचं. आता कोणाची सुट्टी बुडाली हे पुस्तक उघडल्याशिवाय कळत नाही. रविवार कारंज्याच्या बहुतेक दुकानांना हा 10 चा आकडा पाटी न बदलताही सोयीचा पडला. भाऊंनी निवेदनं दिली, मोर्चा मात्र काढला नाही. काढला असता तर किती माणसं आली असती, हे त्यांना ठाऊक असणार.

लॉकडाऊनमध्ये किराणा अत्यावश्यक ठरला आणि पंचवटीपासून सिडकोपर्यंत हीच माणसं काउंटरवर होती. त्यानंतर सप्टेंबर 2025 मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ही मर्यादा 10 कामगारांवरून 20 वर आणि दिवसाचे तास 9 वरून 10 वर नेण्याला मंजुरी दिली. 21 नोव्हेंबर 2025 ला केंद्राच्या चार कामगार संहिता लागू झाल्या आणि युनियन नोंदणीचा 1926 चा कायदाही त्यांत विरला. युनियनला मालकाशी वाटाघाटीचा एकमेव हक्क हवा असेल तर आता आस्थापनेच्या पटावरच्या 51 टक्के कामगारांचं सभासदत्व दाखवावं लागतं. नव्या कार्यकारिणीपुढे पहिला विषय म्हणून तोच पट आहे. स्टोअरमध्ये प्रमोटर आणि एजन्सीची माणसं त्यात धरायची की नाहीत, यावर जुन्या-नव्यांचं अजून एकमत झालेलं नाही.