आर्थ्रायटिस नव्हे, आर्टरायटिस

ठाण्यात नौपाड्यातल्या आमच्या जुन्या सोसायटीत मी ‘रिपोर्ट वाचणारे सर’ म्हणून ओळखला जातो. तीस वर्षं शाळेत जीवशास्त्र शिकवलं, एवढीच माझी पात्रता. तरी लोक जिन्यातच गाठतात आणि कागद पुढे करतात. मी डॉक्टर नाही हे आधी सांगतो, मग चष्मा शोधतो.

गेल्या पावसाळ्यात वरच्या मजल्यावरच्या काकूंचा मुलगा असाच आला. एका हातात डॉक्टरांची चिठ्ठी, दुसऱ्या हातात गोखले रोडवरून नुकतीच आणलेली सांधेदुखीच्या तेलाची बाटली. “सर, आईला आर्थ्रायटिस निघालाय म्हणे. पण दुखतंय तिचं डोकं. तेल कुठे चोळायचं?”

चिठ्ठीवर लिहिलं होतं ‘टेम्पोरल आर्टरायटिस’, पुढे प्रश्नचिन्ह, आणि खाली दोनदा अधोरेखित केलेलं ‘आजच तज्ज्ञांना दाखवा’. मुलाला दोष देण्यात अर्थ नाही. इंग्रजीत दोन्ही शब्दांना नऊ-नऊ अक्षरं, त्यांतलं चौथं तेवढं वेगळं. त्यात ते डॉक्टरी अक्षर. आर्थ्रायटिस हा शब्द घरोघरी झालेला, आर्टरायटिस कुणी ऐकलेलाच नाही. डोळा आपल्या ओळखीचं तेच वाचतो.

ग्रीक भाषेत ‘आर्थ्रॉन’ म्हणजे सांधा आणि ‘आर्टेरिया’ म्हणजे धमनी. ‘आयटिस’ ही शेपटी दोघांना सारखीच. मुळात तिचा अर्थ ‘अमक्याचा’ एवढाच होता, म्हणजे ‘सांध्याचा रोग’ यातला ‘चा’. पुढे ‘रोग’ हा शब्द गळून पडला, नुसती शेपटीच रोग सांगू लागली, आणि आधुनिक वैद्यकाने तिला ‘दाह’ हा नेमका अर्थ दिला. म्हणजे आर्थ्रायटिस सांध्याचा दाह, आर्टरायटिस धमनीचा. दाह म्हणजे इथे आग आग होणं नव्हे. शरीराची संरक्षक यंत्रणा एखाद्या जागी धावून जाते, तिथे लाली, सूज, उष्णता आणि वेदना येतात. ही चार लक्षणं पहिल्या शतकातल्या सेल्सस या रोमन लेखकाने लिहून ठेवली आहेत. जुन्या मराठी ग्रंथांत यासाठी ‘दाहयुक्त सूज’ असा जोडशब्द भेटतो. जरा लांबलचक आहे, पण एकट्या ‘सूज’पेक्षा खरा आहे.

आर्टेरियाची गोष्ट मी वर्गात हमखास सांगायचो. ग्रीक लोक श्वासनळीलाही आर्टेरियाच म्हणत. मेलेलं जनावर कापलं की धमन्या बहुतेक रिकाम्या दिसतात, रक्त शिरांत साठलेलं असतं. त्यामुळे धमन्यांतून वारा खेळतो, अशी समजूत बरीच शतकं टिकली. दुसऱ्या शतकात गेलन या ग्रीक वैद्याने जिवंत प्राण्याची धमनी दोन ठिकाणी बांधली, मधला भाग चिरला, आणि आत रक्तच निघालं. गंमत अशी की आपल्या ‘धमनी’तही वाराच भरलेला आहे. संस्कृतात हा शब्द ज्या क्रियापदावरून आला ते फुंकण्याचं, लोहाराच्या भात्याचं. चरकसंहिता म्हणते ‘ध्मानाद् धमन्यः’, फुंकण्यावरून धमन्या. शाळेच्या पुस्तकात आम्ही ‘रोहिणी’ म्हणजे लाल आणि ‘नीला’ म्हणजे निळी असे शब्द शिकवायचो. मला ते फार आवडतात, पण शाळेच्या फाटकाबाहेर ते कुणी वापरत नाही.

बाहेर चालते ती ‘नस’. कंबरेत दबते ती नस मज्जातंतू असते, सलाइन लावताना सापडत नाही ती नस म्हणजे शीर, आणि कानशिलावर ताडताड उडते ती नस धमनी. तीन वेगळ्या वस्तूंना एकच नाव. म्हणून ‘नसेला सूज आलीय’ असं कुणी सांगितलं, तर त्यातून काहीच कळत नाही. डॉक्टरांना मात्र प्रत्येकीसाठी वेगळा शब्द लागतो. शिरेचा दाह तो फ्लेबायटिस, मज्जातंतूचा न्यूरायटिस, महाधमनीचा एओर्टायटिस, धमनीचा आर्टरायटिस, आणि लहानमोठ्या सगळ्याच रक्तवाहिन्यांना पोटात घेणारा शब्द व्हॅस्क्युलायटिस.

आणखी एक गोंधळ इथेच निस्तरू. धमनी अरुंद झाली म्हटलं की आपल्याला आठवतं ब्लॉकेज. तानसा तलावाचं पाणी मुंबईला नेणारे ते प्रचंड नळ आपल्या ठाण्यातूनच जातात. त्यांच्या आतून गंज आणि गाळाचा थर धरावा, तसं ब्लॉकेजचं ढोबळ चित्र लोकांच्या डोक्यात असतं. आर्टरायटिसला हे चित्र लागूच पडत नाही, कारण लोखंडी नळाला सूज येत नाही. धमनीची भिंत जिवंत असते. तिला तीन थर असतात, आणि मोठ्या धमन्यांच्या भिंतीला रक्त पुरवायला आणखी बारीक वाहिन्या असतात. नळालाच पाणी पाजणारे नळ म्हणा! संरक्षक पेशी भिंतीत शिरतात त्या बऱ्याचदा याच आडवाटेने. मग भिंत जाड होते, आतला थर वाढत जातो आणि रक्ताची वाट आक्रसते. काही वेळा उलटंही होतं. भिंतीतला लवचीक पडदा फाटतो आणि धमनी फुग्यासारखी फुगते. ब्लॉकेजमागेही दाहाचा हात असतो हे आता कळलेलं आहे, तरी त्याला आर्टरायटिस म्हणण्याची रीत नाही.

म्हणजे आर्टरायटिस हे एका रोगाचं नाव नव्हे. भिंतीत काय चाललंय तेवढं तो शब्द सांगतो. कुठल्या धमनीत आणि कशामुळे, हे पुढच्या-मागच्या शब्दांतून कळतं. काकूंच्या चिठ्ठीवर ‘टेम्पोरल’ होतं. टेम्पोरल म्हणजे कानशिलाची.

मी वर गेलो आणि काकूंना विचारलं. तीन आठवड्यांपासून उजवं कानशील ठणकत होतं. कंगवा लावला तरी टाळू दुखायचा. आणि तिसरी गोष्ट त्या सहज बोलून गेल्या, “भाकरी चावताना जबडा थकतो हो. दोन घास झाले की थांबावं लागतं.” त्यांना वाटलं कवळीचा दोष. खरं तर चावणाऱ्या स्नायूंना रक्त कमी पडत होतं. पन्नाशीनंतर, बहुधा सत्तरीच्या आसपास, होणाऱ्या या आजाराची ही फार बोलकी खूण आहे. १८९० मध्ये जोनाथन हचिन्सन या इंग्रज डॉक्टरांनी अशाच एका म्हाताऱ्याची नोंद केली होती. कपाळाच्या बाजूला लाल दुखरे पट्टे उठल्यामुळे त्याला टोपी घालवत नव्हती. पुढे १९३२ मध्ये अमेरिकेतल्या मेयो क्लिनिकमधल्या हॉर्टन यांनी धमनीचा तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली ठेवून आतला दाह दाखवला. त्यात अनेक पेशी एकत्र मिसळून झालेल्या राक्षसी पेशी दिसतात, म्हणून हल्लीचं नाव जायंट सेल आर्टरायटिस. रक्तवाहिन्यांच्या दाहांची नावं तज्ज्ञांनी एकत्र बसून ठरवली, त्या २०१२ च्या चॅपल हिल नामकरणातही हेच नाव आहे. टेम्पोरल हे नाव मागे पडलं, कारण हा आजार कानशिलापुरता थांबतोच असं नाही, आणि कानशिलाच्या धमनीचा दाह दरवेळी याच आजाराचा असतो असंही नाही.

घाई मात्र डोळ्यासाठी. दृष्टीच्या मज्जातंतूला रक्त देणाऱ्या बारीक धमन्या या दाहाने बंद झाल्या, तर नजर एकाएकी जाते. गेलेली नजर सहसा परत येत नाही, आणि उपचार नसतील तर दुसरा डोळाही काही दिवसांत किंवा आठवड्यांत जाऊ शकतो. म्हणूनच संशय बळकट असेल तर डॉक्टर तपासण्यांचे रिपोर्ट येईपर्यंत थांबत नाहीत, मोठ्या डोसमध्ये दाह दाबणारं स्टिरॉइड सुरू करतात. स्टिरॉइड म्हटलं की आपल्याकडे लोक दचकतात. साखर वाढते, हाडं ठिसूळ होतात, हे खरं आहे. पण इथे तराजूच्या दुसऱ्या पारड्यात डोळे आहेत.

तेलाची बाटली अगदीच चुकीची होती का? तसंही नाही. जायंट सेल आर्टरायटिसच्या जवळपास निम्म्या रुग्णांना पॉलिमायाल्जिया ऱ्हुमॅटिका हा जोडीचा त्रास असतो. सकाळी खांदे आणि मांड्या आखडतात, हात वर होत नाही. काकूंचेही खांदे धरलेले होतेच. त्यामुळे घरच्यांना सांधेदुखी पटली आणि डोकेदुखी किरकोळ वाटली.

आपल्या देशात, खरं सांगायचं तर, या आजारापेक्षा त्याची जपानी बहीण अधिक ओळखीची आहे. तिचं नाव टाकायासू आर्टरायटिस. १९०५ मध्ये मिकितो टाकायासू या नेत्रतज्ज्ञाने एका तरुण स्त्रीच्या डोळ्याच्या पडद्यावर रक्तवाहिन्यांची विचित्र माळ पाहिली. अशाच रुग्णांत मनगटाची नाडी लागत नसल्याचं लक्षात आणून दिलं ते दुसऱ्या दोन जपानी डॉक्टरांनी. हा आजार बहुधा चाळिशीच्या आतल्या स्त्रियांना होतो, महाधमनी आणि तिच्या मोठ्या फांद्या धरतो. ‘नाडी लागत नाही’ हे मराठीत आपण कुणाबद्दल म्हणतो ते वेगळं सांगायला नको. इथे मात्र चालतीबोलती, लोकल पकडून कामाला जाणारी बाई असते, आणि एका हाताला नाडीच नसते. वैद्य स्त्रीची नाडी डाव्या हाताची पाहतात. टाकायासूत डाव्या हाताला रक्त नेणारी धमनीच फार वेळा सापडते, हा योगायोग मला कायम चक्रावतो. मूत्रपिंडाची धमनी अरुंद झाली तर रक्तदाब चढतो, आणि पंचविशीच्या मुलीला बी.पी. का, हे कोडं होऊन बसतं. अशा वेळी दोन्ही हातांचा दाब वेगवेगळा मोजला, तर दोन आकड्यांतली तफावत बरंच काही सांगून जाते. यंत्र तेच, फक्त पट्टा दुसऱ्या दंडाला बांधायचा.

काकूंना त्याच संध्याकाळी रिक्षात घालून नेलं. ई.एस.आर., म्हणजे दाहाचा अंदाज देणारी रक्ताची तपासणी, ९६ आला होता, खूपच चढलेला. औषध लगेच सुरू झालं, धमनीचा तुकडा तीन दिवसांनी काढला. औषधाने तुकड्यातले दाहाचे ठसे लगेच पुसले जात नाहीत, आठवडा-दोन आठवडे राहतात. तरीही रिपोर्ट आला, ‘दाह आढळला नाही’. मुलगा पुन्हा माझ्या जिन्यात, आता गोळ्या बंद करूया का विचारत. मी त्याला परत डॉक्टरांकडेच पिटाळलं. हा दाह धमनीत सलग नसतो, मधेमधे कोरे पट्टे सोडत जातो, आणि तुकडा नेमका कोऱ्या पट्ट्यातला निघू शकतो. डॉक्टरांनी गोळ्या चालू ठेवल्या. डोकं तर दुसऱ्याच दिवशी उतरलं होतं.

परवा विम्याचा फॉर्म भरताना काकू मुलाला आजाराचं नाव सांगत होत्या. तो पुन्हा अडखळला. काकू म्हणाल्या, “थालीपिठातला थ नाही रे. टेंभीनाक्यातला ट.”