दळणाचा डबा आणि तानीचा धोबीपछाड

आमच्या सोसायटीच्या फाटकावर दर एप्रिलात उन्हाळी शिबिराचं पत्रक चिकटतं. यंदा त्यावर होतं, 'ज्युदो शिका, दहा दिवसांत दुप्पट वजनाच्या गुंडाला लोळवा! ताकद लागत नाही, समोरच्याचीच ताकद वापरायची असते.' खाली बारीक अक्षरात 'नाभीकेंद्रातील ऊर्जा जागृती' असंही होतं. तिच्याकडे नंतर येतो.

ताकद लागत नसती, तर वजनी गट कशाला पाडले असते? १९६४ मध्ये टोकियोत ज्युदो पहिल्यांदा ऑलिंपिकमध्ये आला. वजनाची अट नसलेल्या गटाच्या अंतिम लढतीत साडेसहा फुटी डच अँटन गेसिंकनं जपानच्या अकिओ कामिनागाला त्याच्याच प्रेक्षकांसमोर चटईवर दाबून धरलं. सभागृहात सुतकी शांतता पसरली. म्हणजे आकारमान मोजावंच लागतं. तरीही पत्रकातल्या वाक्यात अर्धं सत्य आहे, आणि ते दाखवायला रियोको तानीपेक्षा चांगलं उदाहरण मला सापडत नाही.

जपानमधल्या फुकुओकाची ही ज्युदोपटू, लग्नाआधीची तामुरा. उंची १४६ सेंटिमीटर, गट ४८ किलोंचा. महिलांचा ज्युदो ऑलिंपिकमध्ये पदकासाठी पहिल्यांदा खेळला गेला तो १९९२ला बार्सिलोनात. तिथे तिला रौप्य मिळालं, तेव्हा ती सतरा वर्षांचीही नव्हती. १९९६ला अटलांटात पुन्हा रौप्य, मग सिडनी आणि अथेन्समध्ये सुवर्ण, बीजिंगला कांस्य. जगज्जेतेपदं सात, त्यातलं शेवटचं २००७ मधलं, आई झाल्यानंतरचं.

तिचा हुकमी डाव सेओइ-नागे. कोल्हापूरच्या तालमीतल्या माणसाला समजावून सांगावं लागणार नाही, तो धोबीपछाडचा सख्खा भाऊ आहे. प्रतिस्पर्ध्याकडे पाठ फिरवायची, त्याच्या गुरुत्वमध्याखाली आपली कंबर घालायची आणि पाठीवरून पुढे आपटायचं. बुटकेपणाचा इथे फायदाच, उंच खेळाडूला गुडघे जास्त वाकवावे लागतात आणि त्यात वेळ जातो.

पण खरी गंमत आपटण्याच्या आधी आहे. जपानीत तिला 'कुझुशी' म्हणतात, म्हणजे तोल मोडणं. शाळेतला तरफेचा धडा आठवा : भार गुणिले भारभुजा बरोबर बल गुणिले बलभुजा. समोर १५५ सेंटिमीटर उंचीची, ४८ किलोंची खेळाडू ताठ उभी आहे. तिचा गुरुत्वमध्य जमिनीपासून साधारण ८५ सेंटिमीटरवर. त्यातून ओळंबा सोडला, तर तो पावलांवर पडेल, चवड्यांच्या टोकापासून समजा १२ सेंटिमीटर मागे. ती बोटांची टोकं म्हणजे टेकू. आता तिच्या कोटाची कॉलर १२५ सेंटिमीटरवर धरून आडवं ओढा. ४८ गुणिले १२ भागिले १२५, उत्तर साडेचार किलोंच्या आसपास. गिरणीतून दळणाचा पाच किलोंचा डबा उचलून आणतो, तेवढाही जोर नाही! टाचा सुटतात, आणि आठेक अंश झुकल्यावर ओळंबा पावलांच्या बाहेर.

कागदावर. कारण प्रतिस्पर्धी पुतळा नसतो. तुम्ही ओढलंत की पोटऱ्यांतल्या आणि कानाच्या आतल्या संवेदकांची वर्दी लागते आणि सेकंदाच्या साधारण दहाव्या भागात स्नायू आपोआप उलटा जोर लावतात. एसटीचा कंडक्टर घाटातल्या वळणावर दांडी न धरता तिकीट फाडतो, ते याच यंत्रणेच्या भरवशावर. विचार करून हालचाल करायला याच्या दुप्पट वेळ लागतो, म्हणून तोल सांभाळायचं काम मेंदूनं विचारावर सोडलेलंच नाही.

तानी नेमकी ही यंत्रणा वापरायची. ओढायच्या आधी किंचित मागे ढकलायचं. समोरचीचं शरीर तिला न विचारता पुढे रेटा देतं. तो रेटा सुरू झाला की ढकलणं बंद करून त्याच दिशेला ओढायचं. आता तिचे स्वतःचेच स्नायू तिला पुढे पाडताहेत. चूक उमगून आदेश फिरवायला आणखी एक-दोन दशांश सेकंद लागणार, आणि तेवढ्यात तानीची पाठ वळून कंबर आत गेलेली असते. 'समोरच्याची ताकद वापरणं' म्हणतात ते हे. वापरली जाते ती त्याची दुरुस्ती, आणि चोरला जातो वेळ. दहा दिवसांच्या शिबिरात हे अंगात मुरत नाही.

नाभीकेंद्राचं म्हणाल, तर गुरुत्वमध्य खरोखरच नाभीच्या जरा खाली, ओटीपोटात असतो. तिथे लक्ष ठेवा हा जुन्या गुरूंचा सल्ला भौतिकशास्त्राला धरूनच आहे. त्यात ऊर्जा नंतर कुणीतरी भरली, बहुधा फीसाठी.

तानीची सिडनीची अंतिम लढत मात्र धोबीपछाडवर नाही, उचिमाता नावाच्या दुसऱ्या डावावर सुटली, एक मिनिटही पुरं व्हायच्या आत. इथे टेकू लागत नाही. हात वरचं धड एका दिशेला ओढतात, मांडी खालून उलट दिशेला उडवते, आणि ही दोन विरुद्ध बलं मिळून बलयुग्म होतं. शरीर स्वतःच्याच गुरुत्वमध्याभोवती फिरतं, त्यामुळे कमरेवर उचलून धरायची गरज कमी. इटलीच्या अत्तिलिओ साक्रिपांतींनी ज्युदोतल्या सगळ्या फेकींची अशी दोनच घराण्यांत विभागणी केली आहे, तरफेची आणि बलयुग्माची. बलयुग्माचं आघूर्ण, म्हणजे फिरवण्याचा जोर, कोणत्याही बिंदूभोवती काढा, सारखंच येतं. हे सिद्ध करायला दोन ओळींचं गणित पुरतं, ते वाचकांवर सोडतो.

या सगळ्याला एक अट आहे. कॉलर आणि बाही हातात हवी. पकडच नसेल तर बलभुजा कसली आणि कुझुशी कसली? अटलांटात तानीला हरवणारी उत्तर कोरियाची के सुन-हुई सोळा वर्षांची होती, अनोळखी, कुणी हिशेबात न धरलेली. बारा वर्षांनी बीजिंगच्या उपांत्य लढतीतली रोमानियाची अलिना दुमित्रू मात्र चांगली ओळखीची होती. तिनं आणि तानीनं एकमेकींना मनासारखी पकड घेऊच दिली नाही. कुणी कुणाला आपटलं नाही, पंचांच्या दंडावर निकाल लागला आणि तानी हरली. मग कांस्यपदकाच्या लढतीत रशियाच्या खेळाडूच्या कोटाला तिचे हात नीट लागले, आणि तिथे पंचांनी हात सरळ वर केला : इप्पोन, म्हणजे पूर्ण गुण, लढत तिथेच संपली.