मरणाची धास्ती, घराणं आणि जनुक

"आमच्यात साठी कुणी बघत नाही," असं सांगली-मिरजेकडे केसपेपर भरताना कुणीतरी सहज बोलून जातं. आजार घराण्यातून येतो हे सगळ्यांना ठाऊक आहे. त्याची धास्तीही तशीच येते का, हा प्रश्न मात्र अलीकडचा.

१९७० मध्ये आलेली पंधरा 'बरोबर-चूक' विधानांची प्रश्नावली मरणाची भीती मोजायला सर्रास वापरली गेली. चिंतेच्या विकारांत आनुवंशिकतेचा वाटा ३० ते ५० टक्के, असं जुळ्यांच्या अभ्यासांतून निघालं. १९९६ मध्ये सेरोटोनिन या मेंदूतल्या रसायनाशी निगडित एका जनुकाचा चिंतातुर स्वभावाशी संबंध जोडला गेला आणि बराच गाजावाजा झाला. २०१९ मध्ये लाखो लोकांची माहिती तपासल्यावर, नैराश्याच्या बाबतीत तरी, अशा एकेकट्या जनुकांचे दावे टिकले नाहीत.

खरा पेच हंटिंग्टनने घातला. मेंदूचा हा आजार आई किंवा वडिलांना असेल तर प्रत्येक मुलाला ५० टक्के धोका. लक्षणं बहुधा तिशी-चाळिशीत, बरा करणारा इलाज नाही. १९९३ मध्ये जनुक हाती लागलं आणि धडधाकट माणसाचं पुढचं रक्तावरून सांगता येऊ लागलं. १९९४ च्या आंतरराष्ट्रीय सूचनांनी ठरवलं की चाचणी सज्ञान माणसाचीच, तीही त्याच्या मर्जीने. पण आजोबांना आजार होता, नातवाला जाणून घ्यायचंय आणि बापाला नकोय, तर? नातवात सदोष जनुक निघालं की बापाचाही निकाल लागलाच. समजूत घालूनही जमलं नाही तर सज्ञान मुलाचा हक्क वरचढ, असं त्या सूचना सांगतात. मला हे पटतं. पण वाळव्याकडच्या एखाद्या एकत्र घरात बाप-लेक शेजारी जेवायला बसतात. लेकाने रिपोर्ट कपाटात ठेवला तरी बाप त्याच्या तोंडावरून ओळखणारच. हक्क कागदावर दोघांचा वेगळा, ताट मात्र एकाच पंगतीत.

निकाल ऐकून माणसं जिवाचं बरंवाईट करतील ही भीती मोठी होती. १९९९ च्या पाहणीत चाचणी झालेल्या ४,५२७ जणांपैकी ४४ जणांच्या बाबतीत आत्महत्या, तसा प्रयत्न किंवा मानसिक कारणाने इस्पितळात भरती अशी नोंद झाली. आणि धोका असलेल्यांपैकी बहुसंख्य तर चाचणीकडे फिरकलेच नाहीत.

स्तनाच्या कर्करोगाच्या जनुकांची गोष्ट निराळी. तिथे निकालानंतर वेळेवर तपासण्या, गरज पडल्यास शस्त्रक्रिया, असं करण्यासारखं काही असतं. तरी धाकट्या बहिणीचं नाव निघालं की आई म्हणते, सोयरीक ठरू दे, मग बघू.