एकाच नावाचे संशोधक: पेटंटच्या नोंदी कशा शोधाव्यात आणि कोणती कागदपत्रे मिळवावीत

पेटंट कार्यालयाच्या संकेतस्थळावर संशोधकाच्या रकान्यात नुसते ‘पाटील’ लिहून शोध घेतला, तर समोर येणारी यादी एका बैठकीत वाचून होत नाही. त्याला ‘संजय’ जोडले की यादी आखडते, पण उरलेल्या नोंदी एकाच माणसाच्या आहेत असे मुळीच समजू नये. पदोन्नतीच्या फायलीत पेटंट जोडणारे प्राध्यापक, एखादे तंत्र परवान्यावर घेऊ पाहणारे उद्योजक आणि ‘वडिलांच्या नावावर पेटंट होते’ एवढेच ऐकून असलेले वारस, या सगळ्यांची गाडी नेमकी इथेच अडते. माणूस ओळखायला नाव हा सर्वांत कच्चा पुरावा आहे. अर्ज क्रमांक, पत्ता, सहसंशोधक आणि विषय यांचा मेळ बसला तरच ओळख पक्की धरावी. पुढील माहिती भारतीय पेटंट नोंदींविषयी आहे, परदेशातील नोंदींचा उल्लेख गरजेपुरता केला आहे.

शोध कोणीही घेऊ शकतो. पेटंट अधिनियम, 1970 च्या कलम 72 प्रमाणे पेटंटांची नोंदवही जनतेच्या अवलोकनासाठी खुली असते आणि प्रसिद्ध झालेल्या अर्जांची कागदपत्रेही कोणालाही पाहता येतात. त्यासाठी नातेसंबंध सिद्ध करावा लागत नाही की कारणही द्यावे लागत नाही. 2015 पासून सुरू असलेल्या ‘इनपास’ या शोधप्रणालीला शुल्क नाही आणि त्यावर नोंदणी करण्याचीही गरज नाही. पडद्यावर दिसणारी वेडीवाकडी अक्षरे रकान्यात भरली की काम सुरू होते. तेथे ‘प्रसिद्ध’ आणि ‘मंजूर’ असे दोन पर्याय असतात. प्रथम दोन्हींवर खूण करून शोधावे, कारण बायोडेटात ‘पेटंट’ म्हणून लिहिलेली गोष्ट पुष्कळदा केवळ प्रसिद्ध झालेला अर्ज असते.

शोध घेताना संशोधकाचे नाव आणि अर्जदाराचे नाव हे दोन निराळे रकाने आहेत हे लक्षात ठेवावे. ज्याने शोध लावला तो संशोधक आणि ज्याच्या नावाने हक्क मागितला तो अर्जदार. नोकरीत असलेल्या माणसाच्या बाबतीत अर्जदार बहुधा कंपनी किंवा विद्यापीठ असते, त्यामुळे अर्जदाराच्या रकान्यात शोधून ‘याच्या नावावर काहीच नाही’ असा निष्कर्ष काढणे ही नेहमीची चूक आहे. संशोधकाच्या पत्त्याचा आणि देशाचाही वेगळा रकाना मिळतो. नावासोबत पत्त्यात ‘सांगली’ किंवा ‘नाशिक’ असे गाव टाकले की निम्मे काम होते, मात्र कित्येक अर्जांत घरच्या पत्त्याऐवजी महाविद्यालयाचा किंवा कंपनीचा पत्ता असतो, म्हणून गावाच्या शोधात न सापडलेला माणूस गाव काढून पुन्हा शोधावा.

मराठी नावांचा घोळ मुख्यतः इंग्रजी लेखनात होतो. जाधव या आडनावाच्या शेवटी कोणी ‘व्ही’ लिहितो, तर विदर्भातील अनेक कुटुंबे ‘ओ’ लिहितात, दीक्षित कधी ‘एक्स’ने तर कधी ‘के-एस-एच’ने लिहिला जातो, चौधरीची तर तीन-चार रूपे सहज सापडतात. नावांचा क्रमही ठरलेला नसतो. एकच व्यक्ती एका अर्जात आडनाव आधी, दुसऱ्यात वडिलांच्या नावासह आणि तिसऱ्यात नुसत्या आद्याक्षरांनी येते, आणि ‘डॉ.’ किंवा ‘प्रा.’ ही उपाधीही नावाचाच भाग होऊन बसलेली दिसते. ही अडचण आजची नाही. 1867 मध्ये मुंबईत जन्मलेले आणि 1935 मध्ये न्यूयॉर्क येथे निधन पावलेले संशोधक शंकर आबाजी भिसे यांची अमेरिकी पेटंटे पाहायची, तर आडनावाच्या शेवटी ‘ई’नंतर ‘वाय’ हे अक्षर द्यावे लागते. आपण सहज लिहू त्या स्पेलिंगने शोधल्यास ती हाती लागत नाहीत. म्हणून संभाव्य लेखनांची यादी आधी कागदावर करावी आणि एकेक रूप स्वतंत्रपणे शोधावे.

नोंद सापडली की अर्ज क्रमांकावर टिचकी मारावी. उघडणाऱ्या पानावर शीर्षक, दाखल दिनांक, आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचा संकेत, संशोधकांचा व अर्जदारांचा नाव-पत्ता-देश असा तक्ता, गोषवारा आणि संपूर्ण तपशीलपत्र, म्हणजे शोधाचे सविस्तर वर्णन, असते. अर्ज क्रमांक स्वतःच बरेच सांगून जातो. 2016 पासून तो बारा अंकी आहे: पहिले चार अंक वर्षाचे, पाचवा कार्यालयाचा, म्हणजे दिल्ली 1, मुंबई 2, कोलकाता 3 आणि चेन्नई 4, सहावा अर्जाच्या प्रकाराचा आणि उरलेले सहा अनुक्रमाचे. 202121 ने सुरू होणारा क्रमांक म्हणजे 2021 मध्ये मुंबई कार्यालयात दाखल झालेला साधा अर्ज. महाराष्ट्र आणि गोवा मुंबई कार्यालयाच्या कार्यक्षेत्रात येतात, गुजरात, मध्य प्रदेश व छत्तीसगडही त्यातच येतात, त्यामुळे पाचवा अंक 2 आहे एवढ्यावरून माणूस महाराष्ट्रातला ठरत नाही. जुन्या क्रमांकांत वर्षापूर्वी तिरप्या रेघांमध्ये मुंबईची इंग्रजी आद्याक्षरे असतात.

एका महाविद्यालयाच्या पदोन्नतीच्या फायली तपासताना मला एका प्राध्यापकांच्या यादीत दोन अर्ज दिसले होते. पहिला त्यांच्याच इलेक्ट्रॉनिक्स विषयातला होता. दुसरा कापड रंगवण्याच्या प्रक्रियेचा, संशोधकाचा पत्ता सुरतचा आणि सहसंशोधकांची नावे सगळी अनोळखी. प्राध्यापकांनी खोटे काहीच केले नव्हते. यादी करणाऱ्याने नावाने शोधून जे सापडले ते उतरवून घेतले होते आणि प्राध्यापकांनी न वाचताच सही केली होती. तक्त्यातील पत्त्याची एक ओळ वाचली असती तर पुढचा महिनाभराचा पत्रव्यवहार टळला असता.

पत्ता जुळत नसेल, पण विषय जुळत असेल, तर आणखी खोलात जावे लागते. त्याच पानाच्या तळाशी अर्जाची स्थिती पाहण्याचे बटण आहे आणि तेथून दाखल कागदपत्रे उघडतात. त्यांतील नमुना 1 हा मूळ अर्ज असून त्यात संशोधकांचे घोषणापत्र आणि सह्या असतात. नमुना 5 मध्ये संशोधक कोण याची अर्जदाराने केलेली घोषणा असते. तीन-चार सहसंशोधक असतील तर त्यांपैकी सर्वांत विरळ आडनावाच्या माणसाला धरून शोध घ्यावा, असा माझा अनुभवाचा सल्ला आहे: ‘पाटील’ शेकड्याने सापडतात, पण त्यांच्यासोबत प्रत्येक अर्जात येणारे एखादे अपरिचित आडनाव दोन-चारच नोंदी दाखवते आणि त्यातून आपल्या पाटलांचे सगळे अर्ज एका दमात उलगडतात.

काही नोंदी कितीही शोधल्या तरी मिळत नाहीत, आणि त्यावरून दावा खोटा ठरवू नये. अर्ज साधारणपणे दाखल दिनांकापासून किंवा अग्रक्रमाच्या दिनांकापासून (म्हणजे त्याच शोधाचा पहिला अर्ज दाखल झाला त्या दिवसापासून) अठरा महिने उलटल्यावरच दर शुक्रवारच्या पेटंट जर्नलमध्ये प्रसिद्ध होतो. नमुना 9 भरून अर्जदाराने लवकर प्रसिद्धी मागितली असेल तरच तो आधी दिसतो. तात्पुरत्या तपशीलपत्रानंतर बारा महिन्यांत संपूर्ण तपशीलपत्र दिले नाही तर तो अर्ज सोडून दिल्याचे मानले जाते आणि तो प्रसिद्ध होत नाही. वेळेत मागे घेतलेले आणि संरक्षणाच्या कारणास्तव कलम 35 खाली गुप्त ठेवलेले अर्जही यादीत नसतात. याउलट, ज्याला लोक सर्रास पेटंट म्हणतात ती पुष्कळदा डिझाइनची, म्हणजे वस्तूच्या बाह्य रूपाची, नोंदणी असते. ती डिझाइन अधिनियम, 2000 खाली होते आणि तिच्या प्रमाणपत्रावर मालकाचे नाव असते, त्यामुळे ती पेटंटच्या शोधात कधीच सापडणार नाही.

परदेशातील नोंदींसाठी जागतिक बौद्धिक संपदा संघटनेचे ‘पेटंटस्कोप’ आणि युरोपीय पेटंट कार्यालयाचे ‘एस्पेसनेट’ ही दोन्ही साधने विनामूल्य आहेत. एस्पेसनेटवर आडनाव आधी येते आणि नावापुढे देशाचा दोन अक्षरी संकेत असतो. अमेरिकी पेटंटाच्या पहिल्या पानावर संशोधकाचे गाव आणि देश एवढेच छापलेले असते, पूर्ण पत्ता नसतो; म्हणून तेथील नोंद भारतातील अर्जाशी जुळवायची तर अग्रक्रमाचा अर्ज क्रमांक पाहावा. तो दोन्हींकडे सारखा असेल, तर शोध एकच आहे.

पडद्यावरची नोंद छापून फायलीला लावणे कामचलाऊ असते, पण न्यायालय, निवड समिती किंवा करार यांसाठी प्रमाणित प्रत घ्यावी. त्यासाठी संबंधित पेटंट कार्यालयाकडे अर्ज क्रमांक किंवा पेटंट क्रमांक, हव्या असलेल्या कागदाचे नेमके वर्णन आणि विहित शुल्क यांसह विनंती करावी लागते. अमुक अर्जाचे नूतनीकरण शुल्क भरले आहे का, तपशीलपत्र कधी दाखल झाले, अशी मर्यादित माहिती हवी असल्यास कलम 153 खाली कोणालाही विनंती करता येते. शुल्क अर्जदाराच्या वर्गानुसार बदलते आणि कागदी दाखल्याला ऑनलाइनपेक्षा दहा टक्के अधिक पडते. चालू दर नियमांच्या पहिल्या अनुसूचीत पाहून घ्यावेत. काम एजंटमार्फत करायचे असेल तर नमुना 26 मधील अधिकारपत्र लागते.

आपलेच नाव राहून गेले असेल तर काय करावे, हा प्रश्न मला सर्वांत जास्त विचारला जातो. कलम 28 प्रमाणे संशोधक म्हणून उल्लेख व्हावा यासाठी नमुना 8 मध्ये विनंती किंवा दावा करता येतो, पण तो पेटंट मंजूर होण्यापूर्वीच करावा लागतो; मंजुरीनंतर ही वाट बंद होते. सोबत शोधातील आपला प्रत्यक्ष वाटा सांगणारे निवेदन आणि त्याचा पुरावा द्यावा लागतो, म्हणून प्रयोगशाळेची वही दिनांकासह जपून ठेवावी. नियमांमध्ये 2024 साली झालेल्या दुरुस्तीने आणखी एक सोय केली आहे: पेटंटावर संशोधक म्हणून नाव असलेली व्यक्ती नमुना 8अ भरून स्वतःच्या नावाचे संशोधक प्रमाणपत्र मागू शकते. नावसाधर्म्याच्या शंकेला याहून सरळ उत्तर नाही, आणि प्राध्यापकांनी पदोन्नतीच्या फायलीत छापील पानांचा ढीग लावण्यापेक्षा हे एकच प्रमाणपत्र लावावे.

लग्नानंतर आडनाव बदललेल्या स्त्रियांच्या बाबतीत जुन्या नावाचा अर्ज आणि आजची ओळख यांना जोडणारा दुवा लागतो. महाराष्ट्र शासनाच्या राजपत्रात प्रसिद्ध झालेली नावबदलाची सूचना किंवा विवाह प्रमाणपत्र त्यासाठी उपयोगी पडते. केवळ ओळख पटवण्यासाठी पेटंटावरील जुने नाव बदलून घेण्याच्या मागे लागू नये. शोध लागला तेव्हा ते नाव खरेच होते. प्रलंबित अर्जात नावाचे लेखनच चुकले असेल तर मात्र नमुना 13 मध्ये दुरुस्ती मागावी.

वारसांनी एक भेद समजून घ्यावा. संशोधक म्हणून उल्लेख असल्याने पेटंटावर कोणताही हक्क निर्माण होत नाही, असे कलम 28 मध्येच स्पष्ट म्हटले आहे. हक्क कोणाचा हे नोंदवहीवरून कळते, आणि मंजूर पेटंटाची ई-नोंदवही स्थितीच्या पानावरूनच उघडते. तीत मालक, हस्तांतरणे व नूतनीकरण दिसते. वडील तेथे मालक असतील आणि दाखल दिनांकापासूनची वीस वर्षांची मुदत संपलेली नसेल, तर मृत्यू प्रमाणपत्र व वारसा हक्काचा कागद जोडून नमुना 16 मध्ये हक्काची नोंद करून घ्यावी लागते. मालकाच्या जागी कारखान्याचे नाव असेल, तर वारसांच्या हाती उरते ती तपशीलपत्राची प्रमाणित प्रत, आणि माझ्याकडे आलेल्या कुटुंबांपैकी बहुतेकांनी ती आनंदाने मागवली आहे.