'तब्येत सुधारली' म्हणजे नेमकं काय? वजन भरणं आणि ॲनोरेक्सियातून बरं होणं

चवथीचा आदला दिवस. घरात माटोळी, म्हणजे गणपतीच्या वरची फळाफुलांची चौकट, बांधायची गडबड. दोन महिन्यांपूर्वी हॉस्पिटलातून घरी आलेली सतरा वर्षांची मुलगी पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर येते आणि पेडण्याहून आलेली आत्या कौतुकाने म्हणते, "बाय, तब्येत बरीच सुधारली गो तुझी!" आत्याच्या बोलण्यात माया आहे. मुलीला मात्र ऐकू येतं, 'जाड झालीस'. त्या रात्री ती जेवत नाही.

असा प्रसंग कुठल्याही घरात घडू शकतो, आणि त्यात आत्यापेक्षा आपल्या भाषेचा दोष जास्त. मराठीत अंग भरलं तरी 'तब्येत सुधारली' आणि दुखणं गेलं तरी 'तब्येत सुधारली'. टायफॉइडमधून उठलेल्या माणसाच्या बाबतीत दोन्ही गोष्टी सोबतच होतात, म्हणून एका शब्दात भागतं. ॲनोरेक्सिया नर्वोसा या खाणं तोडायला लावणाऱ्या मानसिक आजारात त्या कित्येक महिने एकमेकींपासून लांब राहतात.

(नावही फसवंच आहे. इतर आजारांत डॉक्टर केसपेपरवर नुसतं 'ॲनोरेक्सिया' लिहितात, त्याचा अर्थ भूक मंदावली. ॲनोरेक्सिया नर्वोसात भूक बहुतेकदा असते. वजन वाढण्याच्या भीतीने ती दाबून ठेवलेली असते.)

आधी वजनाचं पाहू. हॉस्पिटलात दाखल करतात ते केवळ माणूस काटकुळा दिसतो म्हणून नव्हे. जागेपणी नाडी मिनिटाला ५० च्या खाली, उभं राहताच कोसळणारा रक्तदाब, घसरलेलं पोटॅशियम किंवा फॉस्फेट, अशी कारणं असतात. नातेवाइकांना वाटतं, आता पोटभर खाऊ घातलं की झालं. पण पहिला धोका तिथेच असतो. उपाशी शरीर साठवलेली चरबी आणि स्नायू जाळून दिवस काढत असतं. अचानक भात-साखर पोटात गेली की इन्सुलिन वाढतं आणि रक्तातलं फॉस्फेट, पोटॅशियम, मॅग्नेशियम पेशींत ओढलं जातं. फॉस्फेट फार उतरलं तर हृदय आणि श्वास दोन्ही अडचणीत येतात. याला रीफीडिंग सिंड्रोम म्हणतात. दुसऱ्या महायुद्धात सुटका झालेले उपाशी कैदी अन्न मिळाल्यावर दगावू लागले, तेव्हा डॉक्टरांचं याकडे लक्ष गेलं. म्हणून सुरुवातीचे दिवस रक्त पुन्हा पुन्हा तपासतात, थायमिन (ब-१ जीवनसत्त्व) देतात, हृदयाचे ठोके पाहतात आणि जेवण टप्प्याटप्प्याने वाढवतात.

पहिल्या आठवड्यात काटा वर गेला तरी त्यात पाण्याचा वाटा मोठा असतो. घोटे सुजतात, आणि मुलीला वाटतं ही चरबीच. पुढे वॉर्डात आठवड्याला साधारण अर्धा ते एक किलो वाढ अपेक्षित धरतात. मध्येच, ताट तेच असूनही वजन अडतं. मुलगी लबाडी करतेय असा संशय येतो, आणि कधी तो खराही असतो. पण पुष्कळदा मंदावलेलं शरीर पुन्हा पेटलेलं असतं आणि त्याला आता जास्त इंधन लागतं. किती किलोवर दाखल केलं, किती किलोवर सोडलं, असले आकडे मी मुद्दाम देत नाही. या आजाराची माणसं ते वाचून स्वतःशी स्पर्धा लावतात.

आपल्या गोव्याची एक सवयही इथे आड येते. आजाऱ्याला पेज द्यायची. तापात ठीक, पण इथे वाडगाभर पेजेत पाणीच जास्त, आणि उपासमारीने पोट आधीच सावकाश रिकामं होत असतं. त्यामुळे थोडक्यात पोट गच्च होतं आणि हाती फारसं काही लागत नाही. आहारतज्ज्ञाने आखून दिल्यावर दूध, तूप, नारळाचा रस, काजू हे कमी जागेत जास्त देतात. दुधात फॉस्फेटही असतं.

आता बरं होणं. त्याला काटा नाही. १९४४-४५ साली अमेरिकेतल्या मिनेसोटात ३६ निरोगी तरुणांना सहा महिने अर्धपोटी ठेवून एक प्रयोग झाला. त्यांचं वजन सुमारे पाव हिश्श्याने उतरलं आणि डोक्यात अन्नाशिवाय काही उरलं नाही. काहीजण तर पाककृती जमवू लागले. पोटभर जेवण पुन्हा सुरू झाल्यावरही ते लगेच ताळ्यावर आले नाहीत. त्यांना मुळात हा आजार नव्हता, तरी ही गत. मग जिला वजनाची भीतीच आहे, तिच्या मनाला शरीरामागून यायला किती वेळ लागेल! हाडांची झीज तर वजन आलं तरी लवकर भरत नाही. हॉस्पिटलातून सुट्टी मिळाल्यानंतरचं पहिलं वर्ष आजार उलटण्याच्या दृष्टीने सगळ्यात जोखमीचं, आणि नेमकं तेव्हाच घरचे निर्धास्त होतात.

म्हणून काही घरं उलट टोकाला जातात: आधी मन सुधारू, वजन मागाहून बघू. हेही चालत नाही. उपाशी मेंदू हट्टी आणि एककल्ली होतो, त्याच्यावर समुपदेशनाचे शब्द फारसे ठरत नाहीत. वजन भरून देणारी गोळीही नाही. किशोरवयीन मुलांसाठी सगळ्यात जास्त पुरावा आहे तो कुटुंबाला धरून केलेल्या उपचाराला. लंडनच्या मॉड्स्ली हॉस्पिटलात त्याची सुरुवात झाली. त्यात काय आणि किती खायचं हे आधी आईवडील ठरवतात, मग तो अधिकार हळूहळू मुलीला परत देतात. हे परत देणं जमायला लागलं, की दुसरी गोष्ट, म्हणजे खरं बरं होणं, सुरू झाली असं मी समजते.

गोव्यात शरीरासाठी गोमेकॉ (गोवा मेडिकल कॉलेज) आणि मनासाठी मानसोपचार व मानवी वर्तन संस्था, दोन्ही बांबोळीतच आहेत. या आजाराला दोन्ही लागतात, एक उरकल्यावर दुसरं नव्हे, तर सोबतच. कुठून सुरुवात करावी कळत नसेल तर टेलि-मानस या मानसिक आरोग्याच्या सेवेचा १४४१६ हा सरकारी नंबर आहे, चोवीस तास. पण चक्कर येऊन पडली किंवा नाडी फार मंद वाटली, तर फोनवर वेळ घालवू नका, थेट कॅज्युअल्टीत न्या.

राहिली आत्या. तिने अंगाबद्दल काही बोलूच नये, बारीक नको नि भरलेलीही नको. जेवणाचाही आग्रह नको, ते घरचे बघतील. "आलीस? ये गो, माटोळीला नारळ बांधायचेत, जरा दोरी धर," एवढं पुरे.